मालिकालेखनात यायचंय? कन्सेप्ट बाजूला ठेवा, आधी एक सीन लिहा

महिन्यातून एक-दोनदा तरी मला असा फोन येतो. कधी सांगलीहून, कधी नांदेडहून, कधी चिपळूणहून. "सर, माझ्याकडे मालिकेसाठी एक जबरदस्त कन्सेप्ट आहे. चॅनेलपर्यंत कसा पोचवू?" मी विचारतो, "त्यातला एखादा सीन लिहिलाय का?" बहुतेक वेळा लिहिलेला नसतो.

मी गेली चौदा वर्षं मराठी दैनंदिन मालिकांची पटकथा आणि संवाद लिहितोय. चॅनेलकडे कन्सेप्टचा ढीग असतो, हे मी पाहिलंय. त्यांना माणूस हवा असतो तो उद्या सकाळी नऊला शूट होणारा सीन आज रात्री लिहून देणारा. या क्षेत्रात शिरण्याचा खरा दरवाजा तिथे आहे, आणि हा लेख त्या दरवाजापर्यंत आणि त्याच्या आत कसं जायचं याबद्दल आहे.

आधी कामाचा आवाका समजून घ्या. अर्ध्या तासाच्या भागात जाहिराती आणि प्रोमो वजा केले की साधारण २२ मिनिटांचा मजकूर उरतो. आठवड्याला सहा भाग धरले तर महिन्याचे २६. म्हणजे ५७२ मिनिटं, जवळपास साडेनऊ तास. चार मराठी चित्रपटांएवढं लेखन दर महिन्याला, आणि मालिका चालली तर वर्षानुवर्षं. 'चार दिवस सासूचे' या मालिकेचे तीन हजारांहून जास्त भाग झाले. एकट्या माणसाच्या आवाक्यातलं हे काम नाही, म्हणूनच त्याची वाटणी झालेली आहे.

कोण काय लिहितं

श्रेयनामावलीत कथा, पटकथा आणि संवाद अशी तीन वेगळी नावं दिसतात. ही खरोखर तीन वेगळी कामं आहेत.

कथालेखक पुढच्या दोन-तीन महिन्यांचा ट्रॅक ठरवतो. कुणाचं लग्न मोडणार, कोणतं गुपित कधी फुटणार, हे त्याच्याकडे. पटकथालेखक त्या ट्रॅकचे भाग पाडतो. प्रत्येक भागाची वनलाइन लिहितो, म्हणजे कोणते सीन, कुठे, कोणाकोणात, ब्रेक कुठे आणि भाग कुठे संपणार. वनलाइन निर्मात्याच्या क्रिएटिव्ह टीमकडून चॅनेलकडे जाते, सूचना येतात, बदल होतात. मंजूर झाल्यावर ती संवादलेखकाकडे येते आणि तो माणसांना बोलतं करतो. संवादाचीही पुन्हा मंजुरी होते आणि मग कागद सेटवर जातो. तुमचे पैसे निर्माता देतो, पण तुमचं लेखन पास करतं चॅनेल. या दोघांची मतं जुळत नाहीत तेव्हा मधे लेखक सापडतो. त्यामुळे सूचना कोणाची आणि अंतिम शब्द कोणाचा, हे पहिल्या आठवड्यातच विचारून घ्या.

नवा माणूस बहुतेक वेळा संवादाच्या बाजूने आत येतो, कारण तिथे रोजचा भार सगळ्यात जास्त असतो आणि मदतनीस लागतो.

पहिला महिना: मालिका पाहा, पण वही घेऊन

एक चालू मालिका निवडा. आवडती नसली तरी चालेल. सलग २४ भाग बघा आणि प्रत्येक भागाची उलटी वनलाइन तयार करा: सीन क्रमांक, स्थळ, दिवस की रात्र, पात्रं, आणि एका वाक्यात सीनमध्ये काय बदललं. आठवडाभरात काही गोष्टी डोळ्यांत भरतील. एका भागात सहा ते दहा सीन असतात. त्यातले बहुतेक त्याच दिवाणखान्यात, स्वयंपाकघरात आणि एखाद्या खोलीत घडतात. घराबाहेरचे सीन कमी असतात आणि ते एकत्र येतात, कारण युनिट एकदा बाहेर पडलं की दोन-तीन भागांचे बाहेरचे सीन एकाच दिवशी उरकले जातात.

मग ब्रेककडे बघा. ब्रेकच्या आधीच्या शेवटच्या वाक्यावर खूण करा. भाग संपताना कॅमेरा कोणाच्या चेहऱ्यावर थांबला, तेही लिहा. दुसऱ्या दिवशी तिथूनच पुढे सुरुवात झाली, की हूक, म्हणजे प्रेक्षकाला उद्यापर्यंत अडकवून ठेवणारा प्रसंग, नुसताच विरघळला? माझ्या मते नवख्या लेखकाला एवढं शिकवणारा दुसरा अभ्यास नाही. मी तो डोंबिवलीच्या भाड्याच्या खोलीत चार महिने केला, आणि त्या वह्या अजून माझ्याकडे आहेत.

आता सीन

इथे जरा थांबतो, कारण काम मिळतं ते इथल्या जोरावर.

समजा वनलाइनमध्ये एवढंच लिहिलंय: 'मीराने दिराच्या फीसाठी पाटल्या गहाण ठेवल्याचं सासूला कळतं.' दहापैकी आठ नवे लेखक पहिलं वाक्य लिहितात, "मीरा, तू माझ्यापासून काहीतरी लपवते आहेस." सासूने हे म्हटलं की सीन तिथेच संपला. पुढची अडीच मिनिटं दोघी नुसत्या आरोप आणि खुलासे करत राहतात.

त्याऐवजी सासूला एक साधं काम द्या.

सासू : मीरा, माझ्या पाटल्या काढ गं.
मीरा : आत्ता?
सासू : संध्याकाळी हळदीकुंकवाला जायचंय. नुसत्या बांगड्या बऱ्या नाही दिसत.
मीरा : आई, त्या... पॉलिशला टाकल्यात.
सासू : कुणाकडे?
मीरा : आपल्या नेहमीच्या सराफाकडेच.
सासू : त्याचाच फोन होता आत्ता. भिशीचा हप्ता राहिलाय म्हणत होता. पाटल्यांचं काही बोलला नाही.
(मीरा गप्प.)
सासू : जा. चहा टाक.

सासूला कळलंय, हे प्रेक्षकाला कळलं. मीरालाही कळलं. 'खोटं' हा शब्द एकदाही आलेला नाही आणि तरी चहा उकळेपर्यंत मीराच्या पोटात गोळा राहणार. ब्रेक घ्यायचा तर "पाटल्यांचं काही बोलला नाही" यावर घ्या. भाग संपवायचा तर "चहा टाक" यावर संपवा, कारण सासू आता काय करणार हा प्रश्न उद्यावर जातो.

निर्मितीच्या बाजूनेही हा सीन बघा. दोन कलाकार, एक खोली. सराफ पडद्यावर येतच नाही, म्हणून त्याच्यासाठी वेगळा कलाकार बोलवावा लागत नाही. लिहितानाच हा हिशेब करणारा लेखक दिग्दर्शकाला आणि कार्यकारी निर्मात्याला हवासा वाटतो.

लिहून झाल्यावर मोबाइलवर स्टॉपवॉच लावा आणि मोठ्याने वाचा. मनातल्या मनात वाचून वेळ कळत नाही आणि अडखळणारं वाक्यही सापडत नाही. जोडाक्षरांची गर्दी झालेलं वाक्य कलाकाराच्या तोंडात अडकतं, तीन रीटेक होतात, आणि ती पंधरा मिनिटं शेवटी तुमच्याच दुसऱ्या एखाद्या सीनमधून कापली जातात.

नमुना म्हणून असे पाच सीन तयार ठेवा: दोन भांडणाचे, एक प्रेमाचा, एक विनोदी आणि एक असा की ज्यात सहा माणसं एकाच खोलीत आहेत. हा शेवटचा सगळ्यात अवघड. मालिकेत रोज एखादा तरी कौटुंबिक गर्दीचा सीन असतो, आणि त्यात प्रत्येकाला काहीतरी कारण असलेलं वाक्य द्यावं लागतं.

कागद कसा द्यायचा

सीन क्रमांक, स्थळ, वेळ, पात्रं, मग कृती आणि संवाद. संवाद देवनागरीत आणि युनिकोडमध्येच टाइप करा. जुन्या फॉन्टमधली फाइल सेटवर कोणाच्या तरी मोबाइलवर उघडली की अक्षरांची लापशी होते. कलाकार आता मोबाइलवरच पीडीएफ वाचतात, म्हणून टाइप मोठा ठेवा. फाइलच्या नावात भाग क्रमांक आणि कितवा खर्डा ते लिहा. चुकून जुना खर्डा शूट झाला तर त्याची भरपाई कोणी करत नाही.

आत जायचं कसं

मराठी मालिकांमधल्या लेखकांचा मोठा वर्ग एकांकिका स्पर्धांतून आला आहे. पुण्यातला पुरुषोत्तम करंडक १९६३पासून होतोय, त्यानंतर फिरोदिया करंडक, मुंबईची सवाई, आणि जिल्ह्याजिल्ह्यांत होणाऱ्या कितीतरी स्पर्धा. तिथे लिहिणाऱ्याचं वाक्य प्रेक्षकांसमोर लगेच तपासलं जातं, आणि तिथेच पुढे दिग्दर्शक, क्रिएटिव्ह, नट होणारी माणसं भेटतात. कॉलेजात असाल तर ही संधी सोडू नका. वय उलटून गेलं असेल तर राज्य नाट्य स्पर्धा आहे, गावातला हौशी संघ आहे. पटकथेचं पद्धतशीर शिक्षण हवं असेल तर पुण्याची एफटीआयआय ही चित्रपट-प्रशिक्षण संस्था आहे.

दुसरी वाट म्हणजे चालू मालिकेच्या संवादलेखकाकडे सहायक होणं. त्याला तुमची बारा पानांची संकल्पना पाठवू नका. त्याच्याच मालिकेतला एक सीन, त्याच पात्रांच्या बोलण्याच्या लकबीत लिहून पाठवा. सोबत चार ओळींचं पत्र पुरे. मी आजवर तीन सहायक घेतले ते तिघंही असेच आले. तिसरी वाट क्रिएटिव्हच्या नोकरीची. निर्मितीसंस्थेत किंवा चॅनेलमध्ये सहायक क्रिएटिव्ह म्हणून वर्ष-दीड वर्ष काम केलं की रोज दहा वनलाइन डोळ्यांखालून जातात. तिथून लेखक झालेले बरेच आहेत.

सहायक होताना एक गोष्ट तोंडाने स्पष्ट विचारा: नाव येणार का, आणि भागामागे किती मिळणार? बिननावाचं लिहायला सहा महिने हरकत नाही. दोन वर्षं तसंच लिहीत राहिलात तर पुढच्या निर्मात्याला दाखवायला तुमच्याकडे काहीच नसतं.

आतला दिवस

माझा दिवस असा जातो. सकाळी सेटवरून येणारे फोन, दुपारपर्यंत पुढच्या भागाचे संवाद, दुपारी क्रिएटिव्हबरोबर मीटिंग, संध्याकाळी आलेल्या सूचनांप्रमाणे दुरुस्त्या, रात्री दुसऱ्या दिवशीचा उरलेला सीन. गुरुवारी टीआरपीचे आकडे येतात आणि त्या मीटिंगमध्ये महिन्याचा ट्रॅक एका तासात बदलू शकतो. ज्या गुपितासाठी तुम्ही सहा आठवडे जमीन भाजली, ते परवाच फोडायचं ठरतं. याचा त्रास होतो. मला अजूनही होतो. पण त्या मीटिंगमध्ये वाद घालताना 'मला हे आवडत नाही' असं म्हणून उपयोग नसतो. 'हे परवा फुटलं तर त्यापुढचे बारा भाग कशावर चालतील?' असं विचारा. हा प्रश्न त्यांनाही ऐकावा लागतो.

शूट झालेले पण प्रसारित न झालेले भाग म्हणजे बँक. बँक असली की लेखकाला श्वास घेता येतो. गणपतीत आणि दिवाळीत ती संपते, तेव्हा आधीच तयारीला लागा.

आता सगळ्यात महत्त्वाचं कौशल्य: कलाकार नसताना लिहिणं. एकदा सकाळी पावणेआठला फोन आला की नायिकेला ताप आहे, ती येणार नाही. नऊचा कॉल टाइम, म्हणजे सेटवर हजर व्हायची वेळ, सेट लागलेला, बाकी सात कलाकार निघालेले. त्या दिवशीच्या सहापैकी चार सीनमध्ये ती होती. अशा वेळी वाक्यं दुसऱ्याच्या तोंडी टाकत बसू नका. प्रत्येक सीनमधून पुढे जाणारी माहिती कोणती, ते एका ओळीत लिहा आणि मग शोधा की ती आणखी कोणाला माहीत असू शकते. त्या दिवशी नायिकेने नवऱ्याला सांगायची गोष्ट धाकट्या नणंदेने दाराआडून ऐकली आणि घाबरून आजीला सांगितली. सीन मूळच्यापेक्षा चांगला झाला, कारण आता ती गोष्ट नायिकेच्या हातातून निसटली होती.

२०२०मध्ये हीच परीक्षा सगळ्यांनी एकदम दिली. मार्चमध्ये करोनामुळे शूटिंग बंद पडलं. पुन्हा सुरू झालं तेव्हा राज्य शासनाच्या नियमांनुसार ६५ वर्षांवरच्या कलाकारांना सेटवर येता येत नव्हतं. मालिकांमधल्या घरांतून आजी-आजोबा अचानक नाहीसे झाले. कोणी तीर्थयात्रेला गेलं, कोणी गावी. ऑगस्टमध्ये मुंबई उच्च न्यायालयाने ती अट रद्द केली. पुढच्या वर्षी एप्रिलमध्ये निर्बंध आले तेव्हा बऱ्याच मराठी मालिका गोव्यात गेल्या, आणि मुंबई-पुण्याची कुटुंबं गोव्यात का राहायला आली याची कारणं लेखकांना रातोरात शोधावी लागली. मे महिन्यात गोवा सरकारनेही शूटिंग थांबवलं.

म्हणून एक सातत्य-वही ठेवा. कोणाला काय माहीत आहे आणि कोणत्या भागात कळलं, कोण कोणाला काय हाक मारतं, कोणती वस्तू कुठे आहे. दोनशे भागांनंतर एखाद्या प्रेक्षकाला आठवतं की सासूला शेंगदाण्याची ॲलर्जी आहे, आणि तुम्ही तिला चिक्की खाऊ घातलेली असते.

बोली

कोल्हापूर, सातारा, सावंतवाडी इथे जाऊन शूट केलेल्या मालिका प्रेक्षकांनी उचलून धरल्या, तेव्हापासून बोलीत लिहिता येणाऱ्याची किंमत वाढली. पण पुष्कळ जण प्रमाण मराठीच्या वाक्यात 'लई' आणि 'व्हय' पेरतात आणि तिला बोली म्हणतात. कोल्हापूरकडे बायका स्वतःबद्दल बोलताना "मी आलो", "मी जातो" म्हणतात. नागपूरकडे "काय करून राहिला?" असं विचारतात, आणि वऱ्हाडात 'का'साठी 'काऊन', 'मला'साठी 'मले' येतं. मालवणीत 'कुठे'चं 'खंय' आणि 'मला'चं 'माका' होतं. शब्द बदलून भागत नाही, क्रियापदाची चाल बदलावी लागते.

नात्यांच्या हाका तर घराघरांत वेगळ्या. सासूला कुठे 'आई', कुठे 'आत्याबाई', कुठे 'मामी'. दिराला 'भाऊजी', नणंदेला 'वन्सं'. सुनेने नवऱ्याला चारचौघांत 'अहो' म्हणायचं आणि खोलीत 'अरे', की दोन्हीकडे एकच, यावरून त्या घराचा स्वभाव ठरतो. पहिल्या भागाआधी याचा तक्ता करा.

मी कऱ्हाडचा. मालवणी सीन लिहायची वेळ आली तेव्हा आधी प्रमाण भाषेत लिहिला आणि सावंतवाडीच्या एका नटाबरोबर बसून एकेक वाक्य बदललं. त्यात कमीपणा वाटून घेऊ नका. फक्त त्या माणसाला भाषासाहाय्याचं नाव आणि मानधन मिळेल असं बघा.

करार आणि पैसे

लेखकांची संघटना म्हणजे स्क्रीनरायटर्स असोसिएशन, कार्यालय अंधेरी पश्चिमेला. सभासद व्हा. तिथे संहितेची ऑनलाइन नोंदणी करता येते. काही पाठवण्याआधी नोंदणी करा आणि पाठवताना ईमेलनेच पाठवा, म्हणजे तारीख राहते. तोंडी ऐकवलंत तरी घरी येऊन 'आज आपण या कथेवर बोललो' असा मेल टाका.

नोंदणी हा पुरावा आहे. तिच्यामुळे कल्पनेची मालकी मिळत नाही. नुसत्या कल्पनेवर कॉपीराइट नसतो, तो मांडणीवर असतो, हे सर्वोच्च न्यायालयाने आर. जी. आनंद खटल्यात १९७८ सालीच सांगितलंय. मात्र विश्वासाने ऐकवलेल्या संकल्पनेला संरक्षण मिळू शकतं. मुंबई उच्च न्यायालयाने २००३मध्ये एका टीव्ही मालिकेच्या वादात तसा निर्णय दिला, आणि त्यात संकल्पना किती तपशिलात लिहिली होती याला महत्त्व आलं. म्हणूनही मी म्हणतो, एका परिच्छेदाचा कन्सेप्ट घेऊन फिरू नका. पात्रं, पहिले वीस भाग आणि दोन-तीन पूर्ण सीन लिहा.

करार हातात आला की घाईत सही करू नका. भागामागचं मानधन, पैसे कधी मिळणार, किती दुरुस्त्या त्यात धरल्यात, श्रेय कसं येणार, आणि काढून टाकायचं झालं तर किती दिवसांची सूचना, हे वाचा. प्रसारणानंतर ९० दिवसांनी पैसे मिळणं सर्रास आहे, त्यामुळे सुरुवातीला किमान चार-पाच महिन्यांचा घरखर्च हाताशी हवा. लिहिलेला, मंजूर झालेला पण शूट न झालेला भाग, त्याचे पैसे मिळणार का? हे कलम बहुतेक करारांत नसतं. घालून घ्या. एका निर्मात्याकडे माझ्या अशा अकरा भागांचे पैसे राहिले आणि माझ्या बाजूने कागदावर काहीच नव्हतं.

२०१२च्या दुरुस्तीनंतर कॉपीराइट कायद्याने लेखकाला रॉयल्टीतल्या वाट्याचा हक्क दिला आहे आणि तो करारातून सोडून देता येत नाही. हक्क किती काळासाठी दिले हे करारात लिहिलेलं नसेल तर कायदा पाच वर्षं धरतो, प्रदेश लिहिलेला नसेल तर भारत. तंटा झाला तर संघटनेची तक्रार निवारण समिती आहे. तिच्यापुढे जाताना ईमेल, खर्डे आणि प्रसारणाच्या तारखा लागतात.

प्रत्येक भागाची नोंदवही ठेवा: भाग क्रमांक, दिल्याची तारीख, प्रसारणाची तारीख, बिल, आलेली रक्कम, कापलेला टीडीएस. वर्षाची उलाढाल २० लाखांवर गेली की जीएसटी नोंदणी लागते. त्याआधीच एखादा सीए गाठा.

मधेच बदललं तर

कधी ना कधी तुम्हाला चालू मालिकेतून काढलं जाईल. आकडे पडले की लेखक बदलणं हा सगळ्यात स्वस्त उपाय असतो. माझ्यावर दोनदा ही वेळ आली. पहिल्यांदा मी फोन बंद करून तीन दिवस घरी बसलो. दुसऱ्यांदा शेवटच्या भागाचे संवाद वेळेवर दिले, राहिलेल्या बिलांची यादी मेल केली, आणि सातत्य-वहीची एक प्रत नव्या संवादलेखिकेला पाठवली. कोणाला काय माहीत आहे, कोण कोणाला काय हाक मारतं, पाटल्या सध्या कुठे आहेत. आठ महिन्यांनी तिला नवीन मालिका मिळाली आणि पटकथेसाठी तिने माझं नाव सांगितलं. आता तिसऱ्या वर्षात आम्ही एकत्र लिहितोय.